बाबल मेस्त्रीचं दोन फूट घर

दर महिन्याच्या सात तारखेला बाबल मेस्त्री मुंबईत कोटात, म्हणजे फोर्टात, जाऊन घराच्या कर्जाचा हप्ता भरून यायचा, वहाणा दारात काढायचा आणि हातपाय न धुता सरळ स्वयंपाकघराच्या भिंतीपुढे उभा राहायचा. करवंटीत गेरू कालवून तयार असायचा. पाणसळ लावून, पट्टी धरून तो भिंतीवर एक आडवी रेघ ओढायचा. गवंडीच तो, रेघ केसभर वाकडी जाणार नाही. मग रेघेखालच्या भिंतीवर पंजा ठेवून म्हणायचा, "इतकी माझी. वरची त्यांची."

चुलीपाशी बसलेल्या वहिनी, म्हणजे त्याची बायको, म्हणायच्या, "आता तरी पाय धुवा. खालची जमीन तरी आपली मा?"

हे घर मुलुंडला होतं, नाहूरच्या बाजूला, जिथे तेव्हा भातखाचरं होती आणि संध्याकाळी कोल्हे ओरडायचे. पुढे दोन खोल्या, मागे स्वयंपाकघर, वर मंगलोरी कौलं. आणे जाऊन नवे पैसे यायच्या आधीची गोष्ट आहे. मी तेव्हा मुलुंडलाच चाळीत एका खोलीत राहत होतो, सुतारकाम करत होतो. आता डोळ्यांना कमी दिसतं आणि लिहायची सवय हाताला कधीच नव्हती, पण बाबलबद्दल लिहिणारं दुसरं कुणी उरलं नाही, म्हणून लिहितो.

त्याची माझी ओळख घाटकोपरला एका शेटजींच्या बंगल्याच्या कामावर झाली. मी चौकट बसवत होतो. हा ठेंगणा, काळा, चुन्यानं भुवया पांढऱ्या झालेला माणूस मागून आला, माझ्या चौकटीकडे बघत उभा राहिला आणि म्हणाला, "सुतारा, चौकट तुझी बरोबर असा. भित माझी वाकडी असा. कोणाक सांगा नको, मी रातोरात सरळ करतंय." स्वतःची चूक असं तोंडावर सांगणारा गवंडी मी तोवर पाहिला नव्हता. मी स्वतः तसा नाही. माझी चूक कबूल करायची म्हणजे माझ्या जिवावर येतं, अजून येतं. त्या दिवसापासून आमचं जमलं.

बाबल मालवणकडचा. वीस वर्षं त्यानं लोकांची घरं बांधली आणि स्वतः भाड्यानं राहिला. मूलबाळ नव्हतं. त्याला एकच घोर होता. "मी उद्या परांचीवरसून पडलंय तर हिका कोणी भायर काढूक नये." हे तो इतक्यांदा म्हणायचा की वहिनी चिडायच्या, "पडा एकदाचे, म्हंजे बोलूचा तरी थांबात." पण त्या एका वाक्यापायी त्यानं दीड हजार जमवले, जागा घेतली, आणि बांधायला पाच हजार कर्ज काढायचं ठरवलं. कर्ज देणारी कंपनी कोटात होती. तिचं नाव लिहीत नाही. तिनं काही लबाडी केली नाही. जे कागदावर होतं तेच तिनं घेतलं.

बाबलला अक्षर येत नव्हतं. मी चौथीपर्यंत शाळेत गेलेलो, मराठी वाचता येत होतं, आकडेमोड येत होती. कामावर सगळे माझ्याकडून मापं काढून घ्यायचे, त्यामुळे मला स्वतःबद्दल फार वाटायचं. बाबल म्हणाला, "तू शिकलेलो मनीस. तूच चल माझ्याबरोबर. जामीनपण तूच रव." मी छाती पुढे काढून गेलो.

कागद इंग्रजीत होता. कारकुनानं भराभर वाचून दाखवला. माझ्या कानात दोनच आकडे राहिले. कर्ज पाच हजार, हप्ता महिना पन्नास रुपये अकरा आणे. मी तिथेच मनात भागाकार केला आणि बाबलच्या कानात सांगितलं, "शंभर हप्ते. आठ वर्षं चार महिने."

"आनी व्याज?"

"ते शेवटी. असेल हजारभर. वीस हप्ते वर धर."

बाबलला ते एकदम पटलं. पटायचं कारण होतं. गवंड्याच्या कामात आधी भिंत उभी राहते, मग तिच्यावर गिलावा चढतो. मुद्दल म्हणजे भिंत, व्याज म्हणजे गिलावा, असं त्याच्या डोक्यात बसलं. त्याच्या गावच्या दुकानदाराकडेही तसंच चालायचं म्हणे, आधी नेलेल्या मालाचे पैसे आणि मग गणपतीत वर काय ते. कारकुनानं चष्म्यावरून बघत विचारलं, "समजलं ना सगळं?" मी म्हणालो, "अहो, आम्ही काय कुकुली बाळं आहोत का?" बाबलनं अंगठा उठवला, जामीन म्हणून मी सही केली. माझी सही चांगली होती. शेवटी एक फराटा मारायचो.

घर त्यानं स्वतःच्या हातानं बांधलं. दारं-खिडक्या मी केल्या, मजुरी घेतली नाही, आणि त्यानं दिलीही नाही. "तुका पैशे दिलंय तर तू परको होशीत," म्हणाला. स्वयंपाकघराची भिंत दहा फूट उंच होती. शंभर हप्ते, दहा फूट. म्हणजे दर महिन्याला एक इंच आणि वर दीड सूत, सूत म्हणजे इंचाचा आठवा भाग. हे मापही मीच काढून दिलं. अशा त्या रेघा सुरू झाल्या. पहिल्या वर्षी त्या चुलीच्या वर चढल्या, तिसऱ्या वर्षी वहिनींच्या फडताळाला लागल्या, आणि पाचवं वर्ष भरता भरता बाबलच्या डोक्यावरून गेल्या. मग तो रेघ ओढायला पाटावर उभा राहायला लागला. "घर माझ्यापेक्षा उंच झाला रे," म्हणायचा, आणि लाजल्यासारखा हसायचा.

त्या वर्षी त्याला खोकला लागला. चुन्याची आणि सिमेंटची धूळ आयुष्यभर छातीत गेलेली. डॉक्टर म्हणाले, हे काम सोडा. बाबल घरी येऊन माझ्यापुढे बोटं मोजत बसला. "साठ भरले. रवले चाळीस. वर तुझे ते वीस. पाच वर्सां काढतंय कशीतरी. पण एकदा कंपनीत इचारून तरी येवया, नक्की किती रवले ते."

आम्ही दोघं गेलो. या वेळी खिडकीत दुसरा कारकून होता, म्हातारा, शांत माणूस. त्यानं मोठं पुस्तक काढलं, बोट खाली सरकवत नेलं आणि म्हणाला, "चार हजार पाच रुपये बाकी."

मी म्हणालो, "साहेब, दुसऱ्या कुणाचं पान काढलंत. आम्ही तीन हजार एक्केचाळीस रुपये चार आणे भरलेत. पावत्या आहेत."

"भरलेत ना. बरोबर आहे."

"मग दोन हजारच्या आत बाकी पाहिजे."

"पाच हजारांचं व्याज कोण देणार?" तो म्हणाला. आवाज चढवला नाही त्यानं, ते एक बरं केलं. कागद आमच्याकडे वळवून त्यानं दाखवलं. पहिला हप्ता पन्नास रुपये अकरा आणे. त्यातले साडेसदतीस रुपये व्याजाचे, घराच्या नावे तेरा रुपये तीन आणे. दुसऱ्या महिन्यात व्याज दीड आण्यानं कमी, घराला दीड आणा जास्त. "आधी त्या महिन्याचं व्याज कापायचं, उरेल ते मुद्दलात. सुरुवातीला व्याजच फार खातं. शेवटी शेवटी मुद्दल भराभर फिटतं. तुमचे एकूण हप्ते एकशे ऐंशी. हे बघा, इथे लिहिलंय."

लिहिलेलं होतं. माझ्या फराट्याच्या सहीपासून चार बोटं वर, इंग्रजी आकड्यांत. पाच वर्षं ते तिथेच होतं. सगळं मिळून पाच हजारांचे नऊ हजार एकशे चोवीस होणार होते, चार आणे कमी.

बाबलनं कागदावरून बोट फिरवलं. मग त्यानं एकच विचारलं, "म्हंजे गिलावो आधी?"

कारकुनाला कळलं नाही. मला कळलं.

परत येताना मी वाट बघत होतो, हा आता बोलेल, आता शिव्या देईल. दिल्या असत्या तर बरं झालं असतं. मुलुंडला उतरून घरी आलो, त्यानं फडकं ओलं केलं आणि भिंतीवरच्या साठ रेघा पुसायला घेतल्या. गेरू भिंतीत मुरलेला, नीट पुसला जाईना, सगळी भिंत तांबूस झाली. मग पट्टी लावून त्यानं जमिनीपासून दोन फुटांवर एक रेघ ओढली आणि तिच्याखाली पाठ टेकून बसला.

"ये, बस हय," मला म्हणाला. "पाठ टेकूक पुरता इतक्या आपला असा."

वहिनींनी माझ्याकडे बघितलं. "काय वो भावजी, चार बुकां शिकलास, ती खय ठेवलास?"

"गप गो," बाबल म्हणाला. "त्याना काय मुद्दाम केल्यान? मी तरी खय इचारलंय? दोघांक मान हलवूची घाई होती."

मी घरी आलो आणि दोन दिवस नीट जेवलो नाही. माझ्यापाशी तीनशे रुपये होते, माझ्या स्वतःच्या जागेसाठी साठवलेले. ते रुमालात बांधून त्याच्याकडे घेऊन गेलो. म्हाताऱ्या कारकुनानं सांगितलं होतं, हप्त्याशिवाय वर जे भराल ते सगळंच्या सगळं मुद्दलात जाईल. बाबलनं रुमाल उघडूनसुद्धा बघितला नाही. "तू जामीन आसस. आता सावकार होऊ नको. एका माणसाक एकच नाता बरा." मी हट्ट धरला. तो माझ्याहून हट्टी. रुमाल घेऊन परत आलो.

पंधरा दिवसांनी गेलो तर त्याच्या पुढच्या दोन खोल्यांत रेल्वेतलं एक जोडपं राहायला आलेलं. भाडं तीस रुपये. बाबल आणि वहिनी स्वयंपाकघरात. तिथेच चूल, तिथेच अंथरूण, तिथेच बाबलचा खोकला. मी तापलो. म्हणालो, "अरे, याला काही अर्थ आहे का? घर कशाला बांधलंस मग? उरलेले हप्ते सावकाश भर की दहा वर्षं. कंपनी काही तुला हाकलत नाही. धुरात झोपून छाती फोडून घेणार आहेस?"

"दहा वर्सां माका नको. म्हातारो कारकून म्हणालो, तीस रुपये वर टाकलंय तर दहाची पाच होतली."

"आणि त्या पाचात तू मेलास म्हणजे?"

"म्हणानच घाई असा," तो म्हणाला. पुढे काही सांगेना.

मला वाटलं, पैशाचं वेड लागलं याला. हजारभर रुपये व्याज वाचवायला बायकोला धुरात बसवतोय. तसं मी तोंडावर बोललोही, वहिनींच्या देखत. मी उठून आलो आणि सहा महिने त्याच्या दारात गेलो नाही. रस्त्यात दिसला तर पलीकडून जायचो. चूक माझी होती हे मला ठाऊक होतं, आणि ठाऊक होतं म्हणूनच मी जास्त ताठ चालायचो.

सहा महिन्यांनी एका रविवारी तोच आला. हातात थापी, घमेल्यात कालवलेला चुना. माझ्या खोलीत शिरला, काही न बोलता पलंग ओढला, मागच्या भिंतीचा पोपडा खरवडून काढला आणि तिथे गिलावा करत बसला. तासाभरानं हात धूत म्हणाला, "परवा बायल तुझी बाजारात गावली, तिना सांगल्यान भित फुगली म्हणान. लोकांच्या भिती आधी बघतंय, मगे भांडतंय." मग चहा मागितला. झालं, मिटलं.

पाच वर्षं त्यानं तसंच काढलं. डॉक्टरांचं अर्धंच ऐकलं, उंचावरचं काम सोडून जमिनीवरचं चालू ठेवलं, शिवाय रविवारी लोकांची लहानसहान डागडुजी करायचा आणि तेही पैसे कधीकधी हप्त्यात टाकायचा. गावाला एकदाही गेला नाही. त्याची आई त्या काळात वारली. तार आली त्या दिवशी सात तारीख होती. जाण्यायेण्याच्या खर्चाचे पैसे हातात होते आणि हप्त्याचेही तेच होते. तो कोटात गेला. संध्याकाळी येऊन स्वयंपाकघरात आंघोळ केली आणि भिंतीकडे तोंड करून बसला. दोन फुटांवरून पुन्हा चढवायला घेतलेली रेघ त्या दिवशी त्यानं ओढली नाही. त्यानंतर कधीच ओढली नाही.

कर्ज फिटलं तेव्हा नवे पैसे चालू झाले होते. कंपनीनं गहाणखत परत दिलं. भाडेकरूलाही त्याच सुमारास रेल्वेची जागा मिळाली आणि तो आपणहून उठला, हे नशीब. नाहीतर मुंबईत त्या वेळी भाडेकरू उठवायचा म्हणजे कोर्टात केस पिकायचे. बाबल आणि वहिनी पुढच्या खोलीत आले. मी गेलो तर बाबलनं पत्र्याच्या डब्यातल्या सगळ्या पावत्या माझ्यापुढे ओतल्या. "बेरीज कर. ह्या येळेक दोनदा कर."

दोनदा केली. आठ हजार सत्तरच्या आसपास.

"म्हंजे पाच हजाराचा घर आठ हजाराक पडला."

"पंधरा वर्षं लावली असतीस तर नऊ हजारांच्या वर गेलं असतं. वाचवलेस हजार."

"आनी पाच वर्सां सैपाकघरात रवलंय, ती खय मांडलंस? आये मेली, ती खय मांडलंस?" चिडून नाही, थकून विचारलं त्यानं. मी पेन्सिल खाली ठेवली. हल्ली माझ्या ओळखीतली पोरं घर घेतात, हप्ता किती ते मला सांगतात. मी विचारतो, किती वर्षं? आणि त्या वर्षांत काय काय करायचं राहील? ती हसतात. हसू देत.

पुढच्या खोलीत बाबल वीसेक महिनेच राहिला. छाती पूर्ण गेली होती. शेवटी शेवटी दाराशी खाटेवर पडून असायचा आणि येणाऱ्याजाणाऱ्याला सांगायचा, "आत ये रे, घर माझाच असा." एका सकाळी वहिनींनी शेजाऱ्याला माझ्याकडे पाठवलं. मी पोचलो तेव्हा तो गेलेला होता.

तेराव्यानंतर मी वहिनींकडे गेलो. काही कमी-जास्त लागेल का विचारावं म्हणून. म्हणालो, "वहिनी, निदान एक झालं. तुम्हांला आता कुणी बाहेर काढू शकत नाही. त्याला सगळा घोर तुमचाच होता."

वहिनी म्हणाल्या, "माझो होतो, पयल्यासून होतो. पण सैपाकघरात रवले ते माझ्यासाठी नाय, भावजी. मी त्यांका कितीदा सांगलंय, घर जावंदे, मी भावाकडे जाईन. ते आयकनत नाय. म्हणत, मी मधीच मेलंय तर कंपनीवाले सुताराक धरतले. आनी तो असो मानी, घर जावंक देवचो नाय, कोणाक सांगूचो नाय, बायलेचा मंगळसूत्र मोडीत पण गप भरीत बसतलो. म्हणान व्हया होती ती घाई. तुमका सांगा नको म्हणान माका शपथ घातलेली."

त्यानं मला बरोबर ओळखलं होतं. मी गपच भरले असते.

घरी आल्यावर पाटी घेऊन हिशोब मांडला. म्हाताऱ्या कारकुनानं दाखवला होता तसा, महिन्यामागून महिना, आधी व्याज आणि मग मुद्दल. बाबलनं माझं ऐकून सावकाश हप्ते भरले असते तर तो गेला त्या दिवशी अडतीस हप्ते उरले असते. त्याची बाकी सोळाशे सत्तर निघाली. त्या वर्षी माझ्या थोरलीचं लग्न होतं आणि घरात चारशे रुपये होते. बायकोनं विचारलं, कसला हिशोब करताय इतका वेळ? मी तिला सांगितलं, माझी सही केवढ्याला पडली ते बघतोय, आणि ते दुसऱ्यानं भरलंय. तिला काही कळलं नाही. ज्या सहा महिन्यांत मी ताठ मानेनं त्याच्या दारावरून जात होतो, त्या सहा महिन्यांत तो आत धुरात खोकत माझ्या अंगावरचं ओझं कमी करत होता, हे मला तिला नीट सांगता आलं नाही.